भुलनवेल

भुलनवेल दिसते कशी, यावर झाडीपट्टीत एकमत नाही. ती काय करते, यावर मात्र दुमत नाही. रानात चालताना ती नकळत ओलांडली गेली किंवा तिच्यावर पाय पडला, की माणसाला भूल पडते. लहानपणापासून तुडवलेली पायवाट अनोळखी वाटू लागते. गाव कोणत्या अंगाला राहिलं ते कळेनासं होतं. माणूस चालत राहतो आणि फिरून फिरून त्याच मोहाखाली येऊन उभा राहतो. दिवस कधी कलला याचं भान राहत नाही. घटकाभर हिंडलो असं त्याला वाटतं आणि गावात दिवेलागण होऊन गेलेली असते. सांगणारा रंगात आला, तर भुललेला माणूस आपल्या गावाचं आणि लेकराबाळांचं नावही विसरतो.

ही वेल वनस्पतिशास्त्राच्या पुस्तकात शोधून सापडणार नाही. ती राहते भंडारा, गोंदिया, गडचिरोली आणि चंद्रपूरचा पूर्वभाग मिळून होणाऱ्या झाडीपट्टीत, माणसांच्या बोलण्यात. १ मे १९९९ रोजी गोंदिया वेगळा होईपर्यंत भंडारा जिल्हा थेट आजच्या छत्तीसगडच्या सीमेला भिडलेला होता, आणि गोष्टींना सीमा अडवत नाही. पलीकडे हीच वनस्पती ‘भूलन कांदा’ म्हणून ओळखली जाते. संजीव बख्शी यांची ‘भूलन कांदा’ याच नावाची हिंदी कादंबरी आहे. तिच्यावर मनोज वर्मा यांनी काढलेल्या ‘भूलन द मेज’ या चित्रपटाला सर्वोत्कृष्ट छत्तीसगडी चित्रपटाचा राष्ट्रीय पुरस्कार २०२१ साली जाहीर झाला. तिकडच्या समजुतीत उतारा ठरलेला आहे. भूल पडलेल्या माणसाला दुसऱ्या माणसानं हात लावला, की तो भानावर येतो. देशावर आणि कोकणात याच अनुभवाला चकवा म्हणतात. तिथं वेलीऐवजी भुताखेताचं नाव येतं, आणि उपाय सांगतात तो असा: वहाणा उलटसुलट घाल, नाहीतर आहेस तिथं बस आणि उजाडेपर्यंत हलू नकोस.

रानाकाठच्या माणसाचं म्हणणं अंधश्रद्धा म्हणून झटकून टाकण्याची घाई मला पटत नाही. मारुती चितमपल्ली वन अधिकारी म्हणून नवेगावबांधला, म्हणजे तेव्हाच्या भंडारा जिल्ह्यात, राहिले. पक्ष्यांचं आणि प्राण्यांचं केवढं तरी ज्ञान त्यांना माधवराव पाटील डोंगरवारांसारख्या तिथल्याच माणसांकडून मिळालं, आणि ते त्यांनी कृतज्ञतेनं नोंदवून ठेवलं. रानात ज्यांचं पोट आहे ती माणसं पाहण्यात सहसा चुकत नाहीत. पाहिलेल्याचं कारण सांगताना मात्र ती कथेकडे वळू शकतात. म्हणून भुलनवेलीच्या बाबतीत दोन प्रश्न वेगळे ठेवले पाहिजेत. वेल आहे का? आणि भूल आहे का?

पहिल्याचं उत्तर सरळ आहे. नुसतं ओलांडल्यानं माणसाची स्मृती आणि दिशा हिरावून घेईल, अशी वनस्पती जगात नाही. पण अशा वनस्पतीवर विश्वास बसावा, असे शेजारी तिला या रानात भरपूर आहेत. बिब्याचंच पाहा. त्याच्या फळातला काळा चीक अंगाला लागला की फोड येतात, आणि काही माणसांना तो इतका बाधतो की ती बिब्याच्या झाडाखालून जायलाही धजत नाहीत. खाजकुहिलीच्या शेंगेवरची सोनेरी लव वाऱ्यानं उडून अंगावर आली तरी माणूस खाजवून बेजार होतो. हात न लावता त्रास देणारं झाड ज्याच्या रोजच्या अनुभवात आहे, त्याला पाय पडताच डोकं फिरवणारी वेल अशक्य का वाटावी?

दुसऱ्या प्रश्नाचं उत्तरही सरळच आहे, फक्त ते कळायला २००९ साल उजाडावं लागलं. जर्मनीतल्या ट्यूबिंगन इथल्या माक्स प्लांक संस्थेचे यान सोमान आणि त्यांचे सहकारी यांनी सहा जणांना एका मोठ्या, सपाट जंगलात सोडलं आणि कित्येक तास एका दिशेनं सरळ चालत राहायला सांगितलं. प्रत्येकाजवळ जीपीएस होतं, पण ते संशोधकांसाठी; चालणाऱ्याला ते पाहता येत नव्हतं. दोघांना ऊन मिळालं, ते बऱ्यापैकी सरळ गेले. चौघांच्या वाट्याला ढगाळ दिवस आला. ते चौघेही वर्तुळात फिरले. त्यांतले तिघे तर आपलीच वाट पुनःपुन्हा ओलांडून गेले आणि त्यांना त्याचा पत्ताही लागला नाही. डोळे बांधून मोकळ्या मैदानात चालायला लावलं, तेव्हा कधीकधी ही वर्तुळं २० मीटरपेक्षाही लहान झाली. एक पाय दुसऱ्यापेक्षा किंचित आखूड असल्यामुळे माणूस गोल फिरतो, हा जुना तर्कही या प्रयोगात टिकला नाही, कारण तोच माणूस कधी डावीकडे वळत होता, कधी उजवीकडे. ‘समोर’ म्हणजे कुठं याचा अंदाज मेंदू प्रत्येक पावलाला नव्यानं बांधतो. त्यात दरवेळी बारीकशी चूक होते, आणि सूर्य, चंद्र किंवा दूरचा डोंगर यांच्याशी ताडून ती दुरुस्त झाली नाही तर चुका साठत जातात.

आता भंडाऱ्याच्या रानातला श्रावण डोळ्यांसमोर आणा. आभाळ आठ-आठ दिवस उघडत नाही, त्यामुळे सावली नाही. उन्हाळ्यात उघडावाघडा असलेला, आरपार दिसणारा ऐन-धावड्याचा पानझडी पट्टा आता हिरव्या भिंतीसारखा दाटलेला. पायवाटांवर गवत चढलेलं. अशा दिवसांत माणसं सात्या शोधायला रानात शिरतात. वारुळांच्या आसपास उगवणारी ही अळिंबी बाजारात चांगला भाव मिळवते, पण ती नजर वर ठेवून सापडत नाही. बांबूचे कोवळे कोंब, म्हणजे वास्ते, काढणाऱ्याचंही तेच. डोळे जमिनीवर, पाऊल एका वारुळापासून दुसऱ्या वारुळाकडे, कधी इकडे तर कधी तिकडे. प्रत्येक वळण लक्षात ठेवायचं काम मेंदू करत असतो, पण सगळं लक्ष सात्यांवर असताना ती नोंद पुसट होते. मान वर केली की चारी बाजूंनी सारखंच रान. आणि जिथं सागाची लागवड रांगेनं आहे, तिथं तर खूण म्हणून धरावं असं एकही झाड वेगळं दिसत नाही. मोहफुलांच्या दिवसांत, फाल्गुन-चैत्रात, झाडी विरळ असते, पण वेचायला जायचं ते पहाटेच्या अंधारात. भुलायला वेलीची गरजच राहत नाही.

वाट चुकण्याबरोबर वेळ आणि आठवण का चुकावी, हा मला या कथेतला सगळ्यात मोलाचा भाग वाटतो. कारण विज्ञानाला या तिन्हींचा संबंध अगदी अलीकडे सापडला.

कानाच्या आतल्या बाजूला, मेंदूत खोलवर, हिप्पोकॅम्पस नावाचा बाकदार भाग असतो. डावीकडे एक आणि उजवीकडे एक. १९५३ साली अमेरिकेत हेन्री मोलेसन या तरुणाच्या मिरगीवर उपाय म्हणून शल्यविशारद विल्यम स्कोव्हिल यांनी दोन्हीकडचा हा भाग बराचसा काढून टाकला. मिरगी आटोक्यात आली, पण मोलेसन यांच्या मनात नवी आठवण टिकणंच बंद झालं. बालपणीचं आठवे, दहा मिनिटांपूर्वी खोलीत येऊन बोलून गेलेला माणूस आठवत नसे. पुढे त्यांच्या कालभानाची तपासणी झाली. सुमारे २० सेकंदांपर्यंतचा काळ ते ठीक सांगत. त्यापलीकडे त्यांचा अंदाज ढासळे आणि मोठा काळ फारच छोटा वाटे. १९७१ साली लंडनमध्ये जॉन ओकीफ यांना याच हिप्पोकॅम्पसमध्ये अशा पेशी सापडल्या, ज्या उंदीर ठरावीक जागी आला की चेततात. प्लेस सेल हे त्यांचं नाव. २००५ मध्ये नॉर्वेतल्या मे-ब्रिट आणि एडवर्ड मोझर या जोडप्यानं शेजारच्याच भागात अंतर आणि दिशा मोजायला मदत करणारी पेशींची जाळी दाखवून दिली. या तिघांना २०१४ चं नोबेल मिळालं. आणि २०११ मध्ये बॉस्टनमधल्या हॉवर्ड आयखेनबाउम यांच्या प्रयोगशाळेनं दाखवलं की हिप्पोकॅम्पसमधल्या पेशी जागेप्रमाणे वेळेलाही चेततात. काही पेशी उंदराच्या थांबण्याच्या काळातल्या पहिल्या सेकंदाला, काही तिसऱ्याला, काही सातव्याला.

कुठं, केव्हा आणि काय झालं, हे तीन धागे मेंदू एकाच जागी विणतो. झाडीपट्टीतल्या कथाकारांना हिप्पोकॅम्पस ठाऊक नव्हता, पण हे तिन्ही एकदम सुटतात ही गोष्ट त्यांनी अचूक टिपली होती.

बाहेरच्या खुणा गेल्या की वेळेचं किती हसं होतं, याचा दाखला फ्रान्सच्या मिशेल सिफ्र यांनी स्वतःवर घेतला. भूगर्भशास्त्राचा अभ्यासक असलेला हा २३ वर्षांचा तरुण १६ जुलै १९६२ रोजी आल्प्समधल्या एका बर्फाळ गुहेत उतरला. घड्याळ नाही, दिवस-रात्र नाही. वर थांबलेल्या सहकाऱ्यांना तो फक्त आपण कधी झोपलो, उठलो, जेवलो एवढं टेलिफोननं कळवी; त्यांनी मात्र त्याला काहीच सांगायचं नाही असं ठरलेलं होतं. मधूनमधून सेकंदाला एक या वेगानं तो १ ते १२० मोजून दाखवी. एकदा त्याला त्यासाठी पाच मिनिटं लागली. १४ सप्टेंबरला प्रयोग संपल्याचं कळवलं, तेव्हा त्याच्या हिशेबानं अजून २० ऑगस्टच उजाडला होता. जवळजवळ महिनाभराचा काळ त्याच्या आयुष्यातून नकळत निसटला. अंधार, थंडी आणि रोज तेच ते, यामुळे आठवणीत धरून ठेवावं असं काही घडलंच नाही. आणि आठवणी विरळ झाल्या की मागे वळून पाहताना काळ आक्रसतो.

वाट चुकलेल्या माणसाला याच्या जोडीला भीती असते. वाट चुकल्याचं कळताच बहुतेकांची पावलं भराभर पडू लागतात. थांबावंसं वाटत नाही, आणि चालताना खुणा नीट पाहिल्या जात नाहीत. १९८१ मध्ये अमेरिकेतल्या कॅलिफोर्नियात पालोमार डोंगरावर नऊ वर्षांचा एक मुलगा असाच हरवला आणि दगावला. त्यानंतर शोधपथकातल्या लोकांनी मुलांसाठी शिकवण सुरू केली, तिचं नाव ‘हग अ ट्री’. हरवलास तर जवळचं झाड धर, तिथंच थांब, कुणीतरी येईपर्यंत जागा सोडू नकोस. चकव्यावरचा ‘आहेस तिथं बस’ हा उतारा आणि ही शिकवण यांत फरक एवढाच, की एकाला भुताची पार्श्वभूमी आहे. भूलन कांद्यावरचा उतारा तर त्याहून पुढचा आहे. दुसऱ्या माणसाचा स्पर्श झाला की भीती ओसरते, आणि ज्याची दिशा शाबूत आहे असा एक मेंदू सोबतीला मिळतो. ‘एकटा नको जाऊ गा’ हे या भागात रानात निघालेल्या माणसाला सांगितलं जातं, त्यात वाघाइतकीच भुलीचीही काळजी आहे. नागझिरा, कोका आणि उमरेड-पवनी-कऱ्हांडला अशी तीन अभयारण्यं जवळ असलेल्या भंडारा जिल्ह्यात दोन्ही काळज्या खऱ्या आहेत.

मात्र वेळ आणि आठवण हिरावणारी वनस्पती मुळीच नाही, असं म्हणता येणार नाही. ती आहे. खोल रानात जायचीही गरज नाही. गावच्या उकिरड्याला, पडक्या वाड्याच्या भिंतीशी, रस्त्याच्या कडेला ती उगवते. तुमसर तालुक्यात गायमुखला महाशिवरात्रीची यात्रा भरते, तेव्हा महादेवाला वाहायला तिची फुलं आणि काटेरी फळं लागतात. ती म्हणजे धोतरा.

धोतऱ्याचं कर्ण्यासारखं फूल संध्याकाळी उमलतं आणि रात्री पतंगांना बोलावतं. मुळापासून बीपर्यंत सगळ्या झाडात विष असतं, बियांत विशेष. त्यातली मुख्य द्रव्यं तीन: हायोसायमीन, अॅट्रोपीन आणि स्कोपोलामीन. धोतरा पोटात गेलेल्या माणसाचा घसा कोरडा पडतो, गिळवत नाही, अंग तापतं पण घाम येत नाही, बाहुल्या इतक्या मोठ्या होतात की उजेड सोसवत नाही. झोक जातो. मग तो पुटपुटू लागतो, समोर नसलेल्यांशी बोलतो, अंथरुणाला चिमटे काढतो, आणि बोटांच्या टोकांतून न दिसणारे दोरे ओढत बसतो. हे दोरे ओढणं न्यायवैद्यकाच्या पाठ्यपुस्तकांत खास लक्षण म्हणून दिलेलं असतं. उतार पडल्यावर त्याला यातलं काहीच आठवत नाही. मधले तास, कधी दिवस, आयुष्यातून कापून काढल्यासारखे जातात.

गोव्यात राहिलेले पोर्तुगीज वैद्य गार्सिया द ऑर्टा यांनी १५६३ मध्ये गोव्यातच छापलेल्या आपल्या ग्रंथात धोतऱ्यावर एक संवाद लिहिला आहे. चोरीसाठी अन्नातून धोतरा देण्याचा प्रकार त्यांना माहीत होता. त्यानंतर वीस-एक वर्षांनी गोव्यात आलेला डच प्रवासी यान ह्युगेन व्हान लिन्सखोटेन लिहितो, की तिथल्या बायका नवऱ्याला धोतरा देत. नवरा डोळे उघडे ठेवून चोवीस तास बसून राही, त्याच्यासमोर काहीही केलं तरी त्याला कळत नसे, आणि शुद्धीवर आल्यावर आपण झोपलो होतो एवढंच त्याला वाटे. लिन्सखोटेनच्या लेखणीला गावगप्पांचा सोस होता आणि गोव्याच्या बायकांबद्दल त्याचं मन स्वच्छ नव्हतं. तरी त्यानं वर्णन केलेली विस्मृती वैद्यकाला धरून आहे. १६७६ मध्ये अमेरिकेतल्या व्हर्जिनियात बंड मोडायला गेलेल्या इंग्रज सैनिकांनी धोतऱ्याची कोवळी पानं भाजी म्हणून शिजवून खाल्ली. रॉबर्ट बेव्हर्ली यानं १७०५ च्या आपल्या इतिहासात लिहून ठेवलं आहे की एक जण पीस फुंकरीनं उडवत बसला, दुसरा कोपऱ्यात नागडा बसून दात विचकत राहिला. अकरा दिवसांनी सगळे ताळ्यावर आले आणि त्यांना मधलं काहीच आठवत नव्हतं.

आपल्या बाजूला हा इतिहास जास्त काळा आहे. एकोणिसाव्या शतकात मध्य भारतातल्या वाटांवर प्रवाशांशी गोडीगुलाबीनं सलगी करून, त्यांच्या पिठात किंवा हुक्क्यात धोतरा मिसळून लुबाडणाऱ्या टोळ्या होत्या. जबलपूर भागात ठगांचा माग काढणाऱ्या विल्यम स्लीमन यांनी १८४४ च्या पुस्तकात या विषप्रयोग करणाऱ्यांबद्दल लिहिलं आहे. त्यांना पकडणं ठगांपेक्षा अवघड होतं, कारण ठगांच्या हातून साक्षीदार जिवंत सुटत नसे आणि यांचा साक्षीदार जिवंत असूनही त्याच्याजवळ साक्ष नसे. कुणी दिलं, कुठं दिलं, किती जण होते, सगळं कोरं.

म्हणूनच भारतात वैद्यकाच्या विद्यार्थ्याला आजही धोतऱ्याचं आणि मिरचीचं बी समोरासमोर ठेवून ओळखायला शिकवतात. दोन्ही एकाच कुळातली आणि भाजीत मिसळली तर सहज फसवणारी. मिरचीचं बी गोलसर, पातळ, फिकट पिवळं आणि गुळगुळीत, चव झणझणीत. धोतऱ्याचं बी मूत्रपिंडाच्या आकाराचं, जाडसर, पिवळट तपकिरी, भिंगाखाली पृष्ठभागावर बारीक खड्डे, चव कडू. बी उभं चिरलं तर मिरचीतला गर्भ आतल्या बाजूला वळलेला दिसतो, धोतऱ्यातला बाहेरच्या. एवढ्याशा वळणावर खटल्यांचे निकाल अवलंबून राहिले आहेत.

इथं एक गोष्ट स्पष्ट सांगायला हवी. धोतऱ्याची मात्रा कुणालाच सांगता येत नाही. एका झाडातलं विष शेजारच्या झाडापेक्षा कितीतरी पट जास्त असू शकतं, आणि भुलीच्या कुतूहलानं ते खाऊन माणसं मेली आहेत. कुणाच्या पोटात गेलं असेल, तर घरगुती उपायांत वेळ न दवडता रुग्णालय गाठायचं, आणि उरलेलं बी किंवा पान बरोबर न्यायचं.

हे विष करतं काय? मेंदूतल्या पेशी एकमेकींना निरोप द्यायला जी द्रव्यं वापरतात, त्यांपैकी एक अॅसिटिलकोलीन. नवी गोष्ट स्मृतीत उतरवताना हिप्पोकॅम्पसला त्याची फार गरज लागते. स्कोपोलामीन या अॅसिटिलकोलीनची जागा अडवून बसतं. जुन्या आठवणी बऱ्याच शाबूत राहतात, पण चालू क्षण नोंदलाच जात नाही. विसरणं आणि मुळात न नोंदणं यांतला हा फरक १९०६ च्या सुमाराला जर्मनीतल्या फ्रायबुर्ग इथं एका विलक्षण कामासाठी वापरला गेला. कार्ल गाउस आणि बर्नहार्ट क्रोनिग या डॉक्टरांनी बाळंतिणींना मॉर्फीनबरोबर स्कोपोलामीन द्यायला सुरुवात केली. संधिनिद्रा म्हणावी अशी ती अवस्था. बाई कळा सोसत होती, ओरडतही होती, पण नंतर तिला कळांची आठवण राहत नसे. १९१४ च्या सुमारास अमेरिकेत स्त्रियांनी या उपचाराच्या मागणीसाठी चळवळ केली. काही वर्षांतच त्याचे धोके, बाळाच्या श्वासावर होणारा परिणामही, पुढे आले आणि चळवळ ओसरली. आठवत नसलेली वेदना ही वेदना होती की नव्हती, हा प्रश्न मात्र या उपचारानं वैद्यकासमोर ठेवला, आणि मला तो अजून सुटलेला वाटत नाही.

१९७४ मध्ये डेव्हिड ड्राखमन आणि जेनेट लेव्हिट यांनी तरुण, निरोगी माणसांना थोडं स्कोपोलामीन देऊन त्यांची स्मरणशक्ती तपासली. निकाल म्हाताऱ्या माणसांसारखे आले. अल्झायमरमध्ये अॅसिटिलकोलीन कमी पडतं, या तर्काला त्यातून बळ मिळालं. मग उलटा विचार सुरू झाला: हे द्रव्य मेंदूत टिकवून धरता आलं तर? असं करणारं विष आधीच माहीत होतं, तेही एका वेलीचं. पश्चिम आफ्रिकेतल्या कॅलाबारच्या घेवड्यातल्या फायसोस्टिग्मीननं १८६४ मध्येच प्रागच्या एका डॉक्टरानं अॅट्रोपीन प्यालेल्या कैद्यांना सावरलं होतं. पुढे स्नोड्रॉप या युरोपातल्या इवल्या पांढऱ्या फुलाच्या कंदात गॅलंटामीन सापडलं, जे आज अल्झायमरच्या रुग्णांना दिलं जातं. १९८३ मध्ये प्लायटाकिस आणि डुव्हॉइझिन या दोन मेंदूविकारतज्ज्ञांनी सुचवलं, की होमरच्या महाकाव्यात सर्सी चेटकीण खलाशांना मायदेश विसरायला लावते ते द्रव्य धोतऱ्याच्या जातीचं असावं, आणि नायकाला वाचवणारी जादूची ‘मोली’ म्हणजे स्नोड्रॉप. हे सिद्ध करता येणार नाही, पण विस्मरणाची एक वनस्पती आणि तिच्यावर उतारा दुसरी वनस्पती, ही जोडी किती ठिकाणी किती वेगवेगळ्या माणसांना सुचली आहे!

भंडाऱ्याच्या रानातही तशी जोडी आहे. भुलनवेल कल्पनेतली असली तरी आठवणीसाठी घेतली जाणारी वेल तिथं खरोखर वाढते. मालकांगोणी, म्हणजे आयुर्वेदातली ज्योतिष्मती. पिकल्यावर तिचं पिवळं फळ तीन पाकळ्यांत उकलतं आणि आत शेंदरी-लाल गरात गुंडाळलेल्या बिया दिसतात. त्यांचं तेल बुद्धीला आणि स्मृतीला चांगलं म्हणून वापरण्याची परंपरा जुनी आहे. माणसांवरचा ठोस पुरावा मात्र तोकडा आहे. ब्राह्मीचं पारडं थोडं जड आहे. ओलसर जागी, तळ्यांच्या आणि बोड्यांच्या काठी पसरणाऱ्या या मांसल पानांच्या रोपावर लखनौच्या केंद्रीय औषध संशोधन संस्थेत दीर्घकाळ काम झालं. परदेशातल्या काही चाचण्यांत बारा आठवडे ब्राह्मीचा अर्क घेतलेल्या माणसांत नवं शिकलेलं विसरण्याचा वेग कमी झालेला दिसला. परिणाम बेताचा आहे आणि तो हळूहळू दिसतो. परीक्षेच्या आदल्या आठवड्यात ब्राह्मीची बाटली आणून उपयोग नाही.

राहिला काळ. वॉरन मेक या अमेरिकी संशोधकानं उंदरांवर प्रयोग करून मांडलं, की मेंदूतल्या घड्याळाची गती डोपामीनवर अवलंबून असते, तर मोजलेला काळ लक्षात ठेवण्याचं काम अॅसिटिलकोलीनवर. म्हणजे धोतरा काळाच्याही आठवणीवरच घाला घालतो. डोपामीनच्या बाजूची वनस्पती भंडाऱ्यातल्या गुराख्यांना चांगली माहीत आहे, फक्त वेगळ्या कारणासाठी: खाजकुहिली. जिच्या लवेला सगळे भितात, तिच्या बियांतून १९३७ मध्ये भारतीय संशोधक दामोदरन आणि रामस्वामी यांनी एल-डोपा वेगळं केलं. मेंदूत पोचल्यावर त्याचं डोपामीन बनतं. आयुर्वेद कंपवातासाठी कपिकच्छूचं बी फार पूर्वीपासून सांगत आला आहे, आणि कंपवातासारख्याच पार्किन्सनच्या रुग्णांचा हात थरथरण्याबरोबर वेळेचा अंदाजही बिघडतो, हे १९९० च्या दशकात प्रयोगांनी दाखवलं. काही सेकंदांचा अवधी मोजून दाखवायला सांगितला की त्यांचा छोटा अवधी लांबतो आणि मोठा आखडतो. एल-डोपा घेतल्यावर तो बराच जागेवर येतो. खाजकुहिलीच्या बियांत हे द्रव्य किती असेल, ते जातीप्रमाणे आणि जमिनीप्रमाणे बदलतं, त्यामुळे डॉक्टर मोजून दिलेली गोळीच पसंत करतात.